एका नावावर दोघी

पहाटेचा पाठ संपला की देवीपुढच्या धूपपात्रातली राख काडीनं सारखी करायची, हे मठीतलं लिनजेचं रोजचं काम. राख कशी हवी, तर नुकत्याच झाडलेल्या अंगणासारखी, असं तिचं म्हणणं. त्या रविवारी तिनं काडी उचलली आणि हात तसाच राहिला. राखेच्या मधोमध खळगा पडला होता. कुणीतरी ओंजळभर राख उचलून नेली होती.

चोर असता तर पितळेचे दिवे घेऊन गेला असता. राखेचं कुणाला काय पडलंय? जपमाळ मनगटाला गुंडाळत लिनजे मागच्या खोलीकडे निघाली, तशी पायांना गार झुळूक लागली. खोलीची खिडकी सताड उघडी होती.

खिडकीच्या कठड्यावर वाटीभर भात, त्यावर आडव्या ठेवलेल्या जेवायच्या दोन काड्या, शेजारी पाण्याचा पेला. आणि खिडकीपासून खाटेपर्यंत जमिनीवर पातळ पसरलेली राख. खाटेवर पोरगी पाय वर घेऊन बसलेली. डोळे राखेवर खिळलेले.

मेलेलं माणूस सातव्या दिवशी आपल्या माणसाला बघायला येतं. त्याच्यासाठी खिडकी उघडी ठेवायची, भात ठेवायचा, राख पसरायची. पाऊल उमटलं की येऊन गेलं म्हणायचं. हे मठीतल्या मांजरालासुद्धा ठाऊक होतं.

"वान," ती हळूच म्हणाली. "सातवा कुणाचा आहे आज?"

"कुणाचा नाही, आत्या."

"माझ्या दादाला काही झालंय का गं? माझ्यापासून लपवलंस?"

"नाही, नाही! काका अगदी बरे आहेत."

शब्द तोंडातून गेला आणि पोरीनं ओठ दाताखाली धरला. लिनजे दाराच्या चौकटीला धरून उभी राहिली. जन्मदात्या बापाला काका म्हणणारी लेक तिनं पाहिली नव्हती.

"तू कोण आहेस?"

पोरगी खाटेवरून घसरून गुडघ्यांवर आली. राखेत तिच्याच गुडघ्यांचे दोन ठसे उमटले.

"मी कित. थाम कित. वानची मैत्रीण. एकाच वाडीतल्या आम्ही. वान पाण्यात राहिली, आत्या."

* * *

दादाच्या लेकीला लिनजेनं कधी पाहिलं नव्हतं. होता तो एक फोटो, सहा वर्षांची वान, दोन वेण्या आणि पडलेला पुढचा दात. पण नाव तिनंच ठेवलेलं. दादानं पत्रातून कळवलं होतं, 'मुलगी झाली, नाव तू सुचव, तुझ्यावर देवीची कृपा आहे.' तेव्हा लिनजे इथेच हाँगकाँगात एका डॉक्टरांच्या घरी स्वयंपाकाला होती. सुट्टीच्या दिवशी डोंगरावरच्या देवळात जाऊन, उपाशीपोटी कौल लावून तिनं नाव आणलं, वान. ढग. तिला स्वतःला मूल होणार नव्हतंच. एकोणिसाव्या वर्षी देवीपुढे बसून, थोरल्या बाईकडून केस विंचरून घेऊन, अंबाडा बांधून तिनं जन्मभर लग्न न करण्याची शपथ घेतली होती. तिच्या गावाकडच्या कितीतरी पोरींनी घेतली होती. म्हाताऱ्या झाल्या की त्या अशा मठीत येऊन राहत. सकाळ-संध्याकाळ पाठ, पानात मासमच्छी नाही, तोंडात खोटं नाही.

गेल्या आठवड्यात, चिखलानं माखलेली, तळपाय कालवांच्या शिंपल्यांनी चिरफाळलेले, अशी ही पोरगी दारात उभी राहिली आणि म्हणाली, "आत्या, मी वान." लिनजेनं तिला छातीशी धरलं होतं. दुसऱ्याच दिवशी दादाला तार केली होती, 'वान सुखरूप.'

ती तार आता तिच्या उरावर धोंड्यासारखी बसली.

"कशी राहिली पाण्यात?" तिनं विचारलं. बोलताना आपला आवाज कुठूनतरी दुसरीकडून येतोय असं तिला वाटलं.

"चेंडूच्या आतले फुगे होते आमच्याजवळ. एकेक. आणि कमरेला एकच दोरी, दोघींना मिळून. खाडीत कालवांसाठी रोवलेल्या खांबांना घासून तिचा फुगा फुटला. माझ्या फुग्याला दोघींनी धरलं, तो बुडायला लागला. मग दोरी सुटली. तिनं सोडली की मी, मला आठवत नाही. देवीशप्पथ आठवत नाही. रोज आठवून बघते."

लिनजे राखेच्या कडेला खाली बसली.

"रस्ताभर तिची थट्टा चालली होती," कित हुंदके देत म्हणाली. "म्हणायची, आत्या काही कोंबडी कापून वाढणार नाही हं, नुसती पेज आणि टोफू, आत्तापासून सवय कर. तुमचा पत्ता तिनंच पाठ करून घेतला माझ्याकडून. म्हणाली, एकीला विसरला तर दुसरीला असावा."

"मग आपलं नाव का नाही सांगितलंस?"

"नातं नसेल तर कोण थारा देणार? सगळे म्हणायचे, इथे रक्ताचं माणूस असेल त्यालाच राहायचं कार्ड मिळतं."

आजवर होतंही जवळजवळ तसंच. चीनमधून येताना सीमेवर सापडलात की परत. पण शहरात आपल्या माणसाच्या दारापर्यंत पोचलात की सुटलात. पोरांच्या पकडापकडीत खांबाला हात लावला की कुणी धरत नाही, तसं. गुरुवारी सरकारनं तो खांबच उपटला. शहरात जे आलेत त्यांनी रविवारच्या मध्यरात्रीआत बराकीत जाऊन नाव नोंदवायचं. त्यानंतर ज्याच्याजवळ कागद नसेल तो जाळीच्या गाडीत आणि तिथून सीमेवरच्या पुलापलीकडे. शुक्रवारी पोरीला ताप होता. शनिवारी पंचांगात कचेरीची पायरी चढू नये असं होतं, म्हणून लिनजेनंच एक दिवस लांबवलं होतं. आता हातात आजचाच दिवस उरला होता.

"झालं का रडून?" दारातून खरखरीत आवाज आला. सामजे उभी होती, मठीतली लिनजेची जुनी सोबतीण. कमरेला ओला पंचा, हातात भाजीची सुरी. तिनं सगळं ऐकलं असणार, भिंती म्हणजे तिथे नुसत्या फळ्या. "मेलेलीला कार्ड लागत नाही आणि जितीला त्यावाचून चालत नाही. नाव काय गं, अंगातला सदरा. एकीनं काढला, दुसरीनं घातला. उठा, रांग लांब असेल."

"सामजे, ते नाव मी ठेवलंय."

"ठेवलंस ना? मग वापरात राहील. वाया गेलं असतं ते बरं?"

"आणि पाटी?"

सामजेनं सुरी पंच्याला पुसली.

बिनलग्नाची मुलगी मेली तर तिच्या नावाची पाटी बापाच्या घरात लावत नाहीत. तिला तिथे जागा नसते. तिला पाणी मिळायचं तर असल्या मठीतच. पलीकडच्या खोलीत भिंतभर लाकडी पाट्या होत्या. त्यात लिनजेची होती, सामजेचीही होती, पण नावावर लाल कागद चिकटवलेला. माणूस जिवंत आहे तोवर लाल कागद. तो निघाला की मग धूप, भात, पाणी. वान म्हणून ही पोरगी उद्या शहरात हिंडू-फिरू लागली, तर वानच्या नावावरचा लाल कागद काढायचा कुणी? काढला तर जितीला मारल्यासारखं. नाही काढला, तर ती तिकडे खाडीवर उपाशी भटकत राहणार.

"आत्याबाईला मिश्या असत्या तर, कशाला करत बसतेस?" सामजे जरा नरमाईनं म्हणाली. "आधी हिला वाचव. मेलेलं माणूस समजून घेतं. पोलीस घेत नाही."

"मी खोटं कसं बोलू? उद्या देवीचा दिवस. महिन्याच्या पहिल्या तिथीपासून मी जीभ धुऊन बसलेय."

"मग बोलू नकोस. मौन धर आणि मान हलव. देवीनं मानेचं व्रत कुठे सांगितलंय?"

एरवी लिनजे हसली असती.

* * *

रांग बराकीच्या फाटकातून बाहेर पडून, भिंतीला वळसा घालून, पार ट्रामच्या रस्त्यापर्यंत गेली होती. उन्हानं डोकी तापली होती. पाव विकणारे, पाणी विकणारे रांगेच्या कडेकडेनं हिंडत होते. फाटकाशेजारी जाळी लावलेली एक गाडी उभी होती, रिकामी. रांगेतला प्रत्येकजण तिच्याकडे बघत होता आणि बघितलं नाही असं दाखवत होता.

"माझं नाव मक वान," कित पुटपुटत होती. "वडील मक फुन. आई वारली. आत्याकडे राहते. माझं नाव मक वान..."

दादाचं नाव त्या तोंडून निघालं की लिनजेला सुई टोचल्यासारखं होई. मनगटावरची माळ तिनं मुठीत घेतली होती, पण मणी सरकत नव्हते. आज दिवसभर जप झाला नव्हता.

मागे एक लठ्ठ बाई आपल्या पुतण्याला पढवत होती. "विचारलं तर काय सांगायचं? तुझी कोण मी?"

"काकू."

"सख्खी म्हण रे! चुलत म्हटलंस तर घालतील गाडीत." मग ती लिनजेला म्हणाली, "तुमची कोण, ताई? लेक?"

लिनजेचं तोंड उघडलं आणि मिटलं.

"भाची," कितनं उत्तर दिलं. "सख्खी."

"नशीबवान हो. चेहरापट्टी अगदी तुमचीच!"

कित खाली बघू लागली. रांग दोन पावलं पुढे सरली. दुखऱ्या पायावर भार पडला की पोरगी दात आवळायची, पण हूं की चूं करत नव्हती.

"आत्या," ती अगदी हळू म्हणाली, "सकाळपासून तुम्ही मला कुठल्याच नावानं हाक नाही मारलीत."

खरंच होतं ते. 'ए', 'अगं', 'चल', 'हे खा' यांवर लिनजेनं दिवस ढकलला होता.

"मी काकांना दर महिन्याला पत्र लिहीन," कित घाईघाईनं बोलू लागली. "वानच्या अक्षरात. मला येतं तिचं अक्षर, शाळेत तिचे निबंध मीच लिहायचे. त्यांना कधी कळणार नाही. तुमचं म्हातारपण मी काढीन. ती असती तर जे जे केलं असतं ते सगळं करीन. मला नुसतं..."

"आणि तुझी आई?"

कितनं सदऱ्याचं टोक ओढून सरळ केलं.

"आई आहे ना तुझी?"

"आहे."

"तिला काय कळलंय?"

कितनं पाण्याची बाटली या हातातून त्या हातात घेतली. "वाडीत कळलं असेल. तुमची तार काकांना पोचली ना? 'वान सुखरूप.' म्हणजे दोघींतली एक पोचली. म्हणजे दुसरी गेली."

"मग आज..."

"आज तिनंही खिडकी उघडी ठेवली असेल. ती सगळं पाळते, लपूनछपून. दुकानातून तांदूळ उसने आणले असतील, आमच्या घरी महिनाअखेरीला नसतात."

लिनजेच्या डोळ्यांपुढे लांबच्या एका वाडीतली चूल आली. चुलीतली राख सुपात घेऊन एक बाई ती जमिनीवर पसरते आहे, वाकून बघते आहे, पाऊल उमटलं का. उमटणार कुठून? पाय तर इथे रांगेत होते, पट्टीत गुंडाळलेले. आणि ज्या पोरीचे पाय कुठे आहेत ते देवीलाच ठाऊक, तिचा बाप वाडीभर साखर वाटत असेल.

नाव एक आणि त्यात दोघी कोंबायच्या. जितीसाठी तिकडे भात ठेवला जाणार आणि मेलेली इकडे नोकरी करणार. सामजेचा सदरा तिला आठवला. सदरा एकीनं काढून दुसरीनं घातला तर पहिली उघडी पडते, हे कसं सुचलं नाही तिला?

"आत्या, रांग सरकली," कित म्हणाली.

* * *

दिवे लागायच्या सुमाराला त्या मेजापाशी पोचल्या. मेजामागे पांढऱ्या सदऱ्यातला तरुण कारकून होता. डोळे तांबारलेले, बोटांना शाई. गेले तीन दिवस तो झोपला नसावा.

"नाव?"

कितनं लिनजेकडे पाहिलं. लिनजेनं मान हलवली नाही. होय म्हणून नाही आणि नाही म्हणूनही नाही.

"मक वान," कित म्हणाली.

कारकुनानं लिहिलं. जन्मसाल विचारलं, गाव विचारलं, बापाचं नाव विचारलं. पोरगी पाठ म्हटल्यासारखी उत्तरं देत गेली. शाई वाळत गेली. लिनजे त्या कागदाकडे बघत होती. एकेका शब्दानिशी वान तिकडे खाडीत खोल खोल चालली आहे असं तिला वाटत होतं.

"राहते कुठे?"

"आत्याकडे."

"तुम्हीच का?" कारकुनानं मान वर केली. "आजी, ही तुमची भाची? भावाची मुलगी?"

मान हलवायची होती फक्त. बाजूच्या मेजावर शिक्क्याचा धप्प आवाज झाला. मागून लठ्ठ बाई म्हणाली, "हो म्हणा की ताई, आमचेही पाय दुखतात."

"नाही," लिनजे म्हणाली. "खोडा ते नाव."

कितनं मेजाची कड धरली.

"काय म्हणालात?"

"हिचं नाव थाम कित. मक वान माझी भाची. ती येताना पाण्यात गेली. आज सातवा तिचा."

लठ्ठ बाईनं पुतण्याला एक पाऊल मागे ओढलं, जसा काही तिथे साप निघाला.

"आजी," कारकून आवाज दाबून म्हणाला, "आपण काय बोलतोय कळतंय का तुम्हाला? सरकारी कागद आहे हा. खोटं नाव सांगणं म्हणजे..."

"नाव खोटं नाही, बाळ. मीच ठेवलंय ते. पण ज्या पोरीचं आहे तिचं तिला राहू दे. हिला हिचं आहे."

"मग ही तुमची कोण?"

लिनजेनं कितकडे पाहिलं. पोरीच्या चेहऱ्यावर रक्ताचा थेंब नव्हता. "माझ्या हातची पेज खाते," ती म्हणाली. "याहून जास्त मला अजून ठाऊक नाही."

कारकुनानं लेखणी खाली ठेवली. अर्धवट कागद उचलला आणि उठला. "भिंतीशी उभ्या राहा. हलू नका."

भिंतीपासून जाळीची गाडी हाकेच्या अंतरावर होती. आता ती रिकामी नव्हती. आत दोन माणसं बसली होती, माना खाली घालून. एक पोलीस पलीकडे सिगारेट ओढत उभा होता. रांगेतली माणसं या दोघींकडे बघत आणि नजर मिळाली की आकाशाकडे.

"तुम्ही दोरी सोडलीत, आत्या," कित म्हणाली. रागानं नाही. नुसतं झालं ते सांगावं तसं.

आपण काय केलं? एका मेलेल्या पोरीच्या भातासाठी जित्या पोरीला गाडीत घातलं? देवी माऊली, हेच का तुझं व्रत? तिनं डोळे मिटले, नामस्मरण करायला गेली, आणि आयुष्यात पहिल्यांदा तिला नाम आठवेना. तेव्हा तिनं हात पुढे केला आणि कितच्या सदऱ्याचं टोक पकडलं. बोटांभोवती एक वळसा दिला, मग दुसरा. कापड ताणलं गेलं तरी सोडलं नाही.

कित बघत राहिली त्या बोटांकडे.

कारकून परतला तो एका वयस्कर अधिकाऱ्याला घेऊन. त्याच्या हातात अर्धा खाल्लेला पाव होता आणि तो चावता चावताच बोलत होता.

"नाव काय तुझं, पोरी?"

"थाम... थाम कित."

"आईचं?"

"लो सान-मुई."

"घरासमोर काय आहे?"

"तळं. बदकांचं. आमची नाहीत, सोसायटीची."

"एखादं तरी गुपचूप खाल्लं असशील?"

कित गोंधळली. "एकदा. वाननं चोरलं, मी पिसं उपटली."

पोलिसानं सिगारेटीचा धूर नाकातून सोडला. अधिकाऱ्यानं पावाचा घास गिळला. "मग दुसरीचं नाव कशाला सांगितलंस?"

"लोक म्हणाले, नातं नसेल तर परत घालवतात."

"लोक!" अधिकारी कारकुनाकडे वळून म्हणाला. "तीन दिवस हेच ऐकतोय. जो येतो तो कुणाचा तरी सख्खा. एकेका म्हाताऱ्याला नऊ नऊ भाचे! अरे, आम्हाला एवढंच बघायचंय की शहरात आलाय का आणि राहायला छप्पर आहे का. आजी, छप्पर आहे?"

"खाट आहे. खिडकीजवळची."

"ही आज खोटं बोलली. उद्या तुमचे दिवे घेऊन पळाली, तर?"

"राख नेली तिनं," लिनजे म्हणाली. "दिवे तिथेच होते."

अधिकाऱ्याला त्यातलं काही कळलं नसणार. पण तो तिच्या चेहऱ्याकडे बराच वेळ बघत राहिला. मग अर्धवट भरलेला कागद त्यानं आडवा फाडला, पुन्हा उभा फाडला. "दुसरा लिही," कारकुनाला म्हणाला. "आणि लवकर. बाहेर अख्खं गाव उभंय."

या वेळी कारकुनानं विचारलं, "नाव?" आणि पोरीनं कुणाकडेच पाहिलं नाही.

नोंदणीची चिठ्ठी हातात पडली तेव्हा लिनजेनं मागे वळून पाहिलं. लठ्ठ बाई मेजाशी पोचली होती. पुतण्या घाबऱ्याघुबऱ्या सांगत होता, "सख्खी नाही हो साहेब, चुलत आहे, चुलत!"

* * *

सोमवारी देवीचा दिवस. मठीत पहाटेपासून धूप आणि बायकांची गर्दी. लिनजेनं राख सारखी केली, पाठ केला, आणि दुपारी कितला घेऊन कागदी सामानाच्या दुकानात गेली. मेलेल्यांसाठी कागदी घरं, कागदी कपडे, कागदी चपला करणारा म्हातारा तिथे बसला होता.

"रहदारीचा परवाना हवा," ती म्हणाली. "तरुण पोरीसाठी. पाण्यात गेली."

म्हाताऱ्यानं पिवळा कागद पुढ्यात ओढला. मेलेल्यांच्या वाटेवरही नाकी असतात. परवान्यावाचून कुणाला पुढे सोडत नाहीत. "नाव?" त्यानं विचारलं.

दोघी एकमेकींकडे बघत राहिल्या.

"मक वान," शेवटी लिनजे म्हणाली. गाव सांगितलं, बापाचं नाव सांगितलं.

"राहणार कुठे?"

"आमच्या मठीत. माझ्या पाटीशेजारी."

समुद्राकडे जाताना शहरातल्याच एका पुलाच्या तोंडाशी शिपायानं अडवलंच. आजपासून सगळ्यांनाच अडवत होते. कितनं चिठ्ठी काढून दिली.

"नाव बोल."

"थाम कित."

"मोठ्यानं बोल की, काय चोरी केलीस?"

"थाम कित!" ती एवढ्या मोठ्यानं म्हणाली की बाजूचा मासळीवाला दचकला आणि म्हणाला, "बाई गं, कळलं!"

सकाळीच तिनं आईला पत्र टाकलं होतं, 'मी जिवंत आहे, खिडकी लावून घे.' दुसरं पत्र अजून लिहायचं होतं. लिनजेला लिहिता येत नव्हतं; शब्द तिचे, अक्षर कितचं, असं ठरलं होतं. वानच्या नाही, आपल्याच अक्षरात, असं कितनं स्वतःहून सांगितलं होतं. दोघी सकाळपासून त्या कोऱ्या कागदाला वळसा घालून वावरत होत्या.

धक्क्याच्या पायऱ्यांवर वारा नव्हता. खाडी इथून लांब, पण पाणी सगळं एकच. लिनजेनं भात ठेवला, धूप लावला, परवाना पेटवला. पिवळा कागद काळा होत गेला, अक्षरं क्षणभर लाल झाली आणि गेली.

आता हाक मारायची होती. पाण्यात गेलेल्याला त्याच्या नावानं बोलवावं लागतं, तीनदा, त्याशिवाय त्याला घराची दिशा कळत नाही. लिनजेनं तोंड उघडलं. आवाज फुटला नाही. तिनं कितच्या खांद्यावर हात ठेवला.

कित पाण्याच्या पायरीपर्यंत खाली गेली.

"वान! घरी ये!"

पाणी दगडांवर आपटत होतं.

"वान! घरी ये गं!"

मठीत आल्यापासून या हाकेला तीच ओ देत आली होती, चुलीपाशी असली तर चुलीपासून, मोरीत असली तर मोरीतून, "आले, आत्या." आताही तिसऱ्या हाकेआधी तिचे ओठ तसेच हलले, सवयीनं. लिनजेला ते वरच्या पायरीवरून दिसलं. पण तिनं ते शब्द बाहेर येऊ दिले नाहीत. दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं, मग हात काढले आणि तिसऱ्यांदा हाक मारली.

कुणी ओ दिली नाही. दोघी तशाच उभ्या राहिल्या, राख पाण्यावरून लांब जाईपर्यंत.

"चल, कित," लिनजे म्हणाली. "दादाला पत्र लिहायचंय."